सीलच्या पिल्लाला रागावण्याचं काम

जुलैमधला पहिला शनिवार, म्हणजे इथे दक्षिण गोलार्धात ऐन हिवाळा. पाऊस, मग वारा, मग वाऱ्यासकट पाऊस.

हजर: केंद्राची प्रमुख बाई, प्राण्यांचे डॉक्टर, मी, माझ्या सासूबाई आणि फर सीलचं एक पिल्लू, मादी. बाहेर गाडीत: माझा नवरा. त्याला माशांचा वास सहन होत नाही. अलिबागच्या बाजूच्या माणसानं असं म्हणावं, याचं त्याच्या आईला अजून दुःख आहे.

कुठेही गेले की आधी कोण कोण आलंय ते मी लिहून घेते. आम्ही राहतो त्या हेन्डरसनच्या एका ऑफिसात मीटिंगांची व्यवस्था बघते, ती सवय सुट्टीच्या दिवशीही सुटत नाही. म्हणूनच असेल, या केंद्रात मदतनीस म्हणून नाव दिलं तेव्हा सुरुवातीला मला सीलच्या जवळपासही जाऊ दिलं नाही. त्याऐवजी सगळ्यांच्या पाळ्यांचा तक्ता हातात दिला. थोड्याच दिवसांत तिथल्या फ्रीझरला, टॉवेलांच्या खणांना आणि रबरी हातमोज्यांच्या खोक्यांना माझी लेबलं लागली. प्रमुख बाई म्हणाली, इथे आता फक्त समुद्राला लेबल लावायचं राहिलंय.

केंद्र म्हणजे काही मोठं प्रकरण नाही. हेन्डरसनच्या मागच्या टेकड्या ओलांडून पश्चिमेला समुद्राकडे उतरलं की एक जुनी पत्र्याची शेड आहे. आत दोन टाक्या, त्यांच्याभोवती कुंपण घातलेला एक ओटा, आणि ओट्याला लागून मासे ठेवायचं स्वयंपाकघर. प्रमुख बाई ऐन हिवाळ्यात हाफ पँट आणि गमबूट घालून वावरते आणि दिवसभर फोन घेते. हिवाळ्यात आईपासून वेगळी झालेली पिल्लं किनाऱ्यावर येतात, कधी रस्त्यावर येतात, कधी कुणाच्या गॅरेजमध्येही सापडतात. लोक घाबरून फोन करतात. बहुतेकांना तिचं उत्तर ठरलेलं असतं: त्याला काही झालेलं नाही, त्याला झोप आली आहे, तुम्ही तुमचा कुत्रा बांधा आणि घरात जा. या पिल्लाला मात्र खरंच काही झालं होतं. खोक्यांना बांधायची प्लास्टिकची पट्टी गळ्याभोवती अडकून पार मांसात रुतली होती आणि पोट पाठीला लागलं होतं. म्हणून त्याला उचलून आणलं होतं.

सासूबाई मे महिन्यात आमच्याकडे लांब मुक्कामाला आल्या होत्या. आम्ही दोघं ऑफिसला गेलो की दिवसभर घरात त्या आणि हीटर. शनिवारी पापाटोएटोच्या भारतीय दुकानांत जाऊन कोथिंबीर, कढीपत्ता आणि पोहे आणायचे, एवढाच त्यांचा बाहेरचा कार्यक्रम. एकदा त्यांनी मला विचारलं की मी त्या केंद्रात जाऊन नक्की करते काय. मी म्हटलं, मासे वितळवते आणि बादल्या भरते.

"मग मला ने," त्या म्हणाल्या. "तुमच्या घरात आल्यापासून मासा मी पाकिटातच बघितलाय."

प्रमुख बाईला विचारलं. तिला हिवाळ्यात माणसं हवीच असतात. मी आईंचं, म्हणजे सासूबाईंचं, नाव तक्त्यात घातलं: शनिवारी, आणि इतर दिवशी माझं ऑफिस सुटल्यावर.

त्या पहिल्या शनिवारी जाताना गाडीत मी त्यांना नियम मराठीत समजावले. पिल्लाशी बोलायचं नाही. त्याच्या नजरेला नजर द्यायची नाही. त्याला नाव ठेवायचं नाही. हातानं भरवायचं नाही. मासा पाइपमधून टाकीत सरकवायचा, म्हणजे तो कुणी दिला ते त्याला दिसत नाही.

आई माझ्याकडे वळल्या.

"मग त्याला कळणार कसं, आपण त्याचं भलं करतोय ते?"

"कळायलाच नकोय, आई."

 टेकडी उतरल्यावर त्या म्हणाल्या की आपल्याकडे पाहुण्याला निदान पाणी तरी विचारतात.

त्या दिवशी मी त्यांना ओट्याशेजारच्या स्वयंपाकघरात उभं केलं आणि फोन घ्यायला गेले. परत आले तेव्हा बादलीतली सगळी तारली खवलं काढून, डोकी उडवून, पोट साफ करून, तीन पाण्यांतून धुऊन ताटात ओळीनं मांडलेली होती. इथे ज्याला पिलचर्ड म्हणतात त्याला आईंनी पहिल्या नजरेतच तारली ठरवलं होतं. ताट बघून प्रमुख बाईनं आधी मनापासून कौतुक केलं. मग मला बाजूला घेऊन सांगितलं की सीलला मासा अख्खा लागतो, डोक्यासकट आणि आतड्यांसकट. मी ते आईंना सांगितलं. त्यांनी पिल्लाच्या टाकीच्या दिशेनं असं बघितलं, जसं परक्या घरी दिलेल्या मुलीच्या सासरचं जेवण बघतात.

पुढच्या खेपेपासून मासे अख्खे जाऊ लागले. मला वाटलं, विषय संपला.

काही दिवसांनी डॉक्टर पुन्हा पिल्लाची जखम बघायला आले. गळ्याची जखम छान भरत होती. पण हिरड्या बघताना त्यांचा चेहरा बदलला. हिरड्या पिवळट, जीभ पिवळी, मिशा तर पिवळ्याधमक. कावीळ असावी, ते म्हणाले. यकृताला काहीतरी झालंय. रक्त काढून तपासायला पाठवलं. दुसरी टाकी रिकामी ठेवायला सांगितली. प्रमुख बाईनं संसर्गाची पाटी शोधून दारावर लावली. सगळे हळू आवाजात बोलू लागले. मी जंतुनाशकाच्या बाटल्या मोजायला स्वयंपाकघरात गेले. आई तिथे मासे भरत होत्या आणि त्यांची बोटं नखांपर्यंत पिवळी होती.

"आई, हे काय?"

"हळद. आणि थोडं मीठ." त्यांनी पिशवीतून छोटी डबी काढून दाखवली. "एवढी मोठी जखम झालीय बाळाला. बाहेरून लावू देत नाहीत, मग पोटातून तरी जाऊ दे."

मला प्रमुख बाईला आणि डॉक्टरांना हे एकत्र सांगावं लागलं. बाई भिंतीला टेकून आवाज न करता हसत राहिली, कारण ओट्याजवळ मोठ्यानं हसायलाही बंदी आहे. डॉक्टर हसले नाहीत. त्यांनी आईंची बोटं बघितली, मग हळदीची डबी हुंगून बघितली, आणि म्हणाले की रक्ताचा निकाल येईपर्यंत ते काहीच बोलणार नाहीत. निकाल चांगला आला. पाटी निघाली. हळदीची डबी गाडीत, माझ्या नवऱ्याच्या ताब्यात गेली.

खरी अडचण मात्र वेगळीच होती, आणि ती कुणाच्या लक्षात आली नव्हती. आईंनी नियम मोडला नव्हता. पिल्लाशी त्या एक शब्दही बोलत नव्हत्या. त्या बोलत होत्या माशांशी, नळाशी, बादलीशी. "अरे, तू एवढास्सा कसा राहिलास?" "तुला काय झालं गळायला?" "चला, सगळे नीट झोपा बघू ताटात." स्वयंपाकघर आणि ओटा यांच्यामध्ये फक्त प्लायवुडची भिंत. भिंतीपलीकडे पिल्लू. आईंचं बोलणं झालं की पाइपमधून मासे यायचे. रोज, न चुकता. पिल्लानं दोन आणि दोन चार केले होते.

हे उघड झालं ते माझ्या फोनमुळे. मी ओट्याच्या कुंपणाबाहेर उभी होते आणि नवऱ्याचा फोन आला. घरी जाताना डेअरीतून दूध घ्यायला विसरू नकोस, एवढंच मी मराठीत म्हटलं. टाकीत पाणी हललं. पिल्लू काठावर चढलं, पुढच्या वल्ह्यांसारख्या पायांवर डुलत थेट कुंपणापर्यंत आलं, आणि जाळीखालून नाक घालून माझ्या बुटावर हनुवटी टेकवून बसलं.

समोर प्रमुख बाई उभी होती. तिला बघून हेच पिल्लू एरवी पाण्यात बुडी मारायचं. डॉक्टरांवर तर गुरगुरायचं. असंच असायला हवं.

तिनं मला आत बोलावलं आणि दार लावून सांगितलं. सोडण्याआधी प्रत्येक पिल्लाची परीक्षा होते: माणूस जवळ आला की त्यानं पळायला हवं. जे पळत नाही त्याला सोडता येत नाही. माणसाकडे जाणारं सील किनाऱ्यावर फार दिवस जगत नाही. कुत्री आहेत, वाळूवरून धावणाऱ्या गाड्या आहेत, फोटो काढणारी माणसं आहेत, आणि एखाद्याला ते चावलं की मग पुढचं सांगायलाच नको. इथे कायमचं ठेवायला जागा नाही. दुसरीकडे जागा शोधता येते, बहुतेक वेळा मिळत नाही. मिळाली नाही तर डॉक्टरांना इंजेक्शन द्यावं लागतं.

मी म्हटलं, पण ते फक्त मराठी बोलणाऱ्यांकडेच येतंय.

बाई म्हणाली, रविवारी या किनाऱ्यावर येऊन बघ कोण कोण असतं ते.

तिचं खरं होतं. रविवारी ऊन पडलं की आमची निम्मी मराठी मंडळी डबे घेऊन याच वाळूवर असतात. पिल्लू पहिल्याच आठवड्यात कुणाच्या तरी सतरंजीवर जाऊन बसलं असतं आणि त्याला थालीपीठही मिळालं असतं.

परतताना मी आईंना सगळं सांगितलं. इंजेक्शनचंही सांगितलं, कारण अर्धवट सांगून उपयोग नव्हता. नवऱ्यानं रेडिओ बंद केला.

"म्हणजे माझ्यामुळे," आई म्हणाल्या.

नवरा म्हणाला, अगं, तुझ्यामुळे असं नाही.  आईंनी त्यानंतर तोंडच बंद केलं. केंद्रात आणि घरातही. घरात त्यांनी दोन दिवस पाळलेलं मौन आम्हाला फार जड गेलं.

पण गप्प राहून भागणार नव्हतं. प्रमुख बाईचं म्हणणं पडलं की पिल्लू शिकलेलं विसरणार नाही. त्याला उलटं शिकवावं लागेल. या आवाजाबरोबर मासा येतो असं जे त्याच्या डोक्यात बसलंय, तिथे या आवाजाबरोबर संकट येतं असं बसायला हवं. आधी मी करून बघितलं. प्लायवुडची मोठी फळी समोर धरून ओट्यावर गेले आणि मराठीत ओरडले. पहिल्याच झटक्यात पिल्लू पाण्याच्या तळाशी. घरी हे सांगितलं तेव्हा नवऱ्याला कसलंच आश्चर्य वाटलं नाही.

मग भिंतीपलीकडून आईंना फक्त "झालं का गं?" असं विचारायला लावलं. पिल्लू परत काठावर हजर.

तर काम आईंनीच करायला हवं होतं. आणि आईंना रागावता येत नव्हतं. हे मी कौतुकानं सांगत नाही, अडचण म्हणून सांगतेय. त्यांच्या घरी रागावायचं खातं माझ्या सासऱ्यांकडे होतं. आईंचं काम त्यानंतर दार लोटून मुलाला लाडू नेऊन द्यायचं. ती पद्धत इथे उपयोगाची नव्हती.

पहिल्या दिवशी त्या फळीमागे उभ्या राहिल्या. फळी त्यांच्यापेक्षा उंच, त्यामुळे फळीलाच गमबूट घातल्यासारखं दिसत होतं. प्रमुख बाईनं खूण केली. आई म्हणाल्या, "जा बरं बाळा. जा हं." पिल्लू फळीपाशी येऊन बसलं. दुसऱ्या दिवशी मी त्यांना काय म्हणायचं ते शिकवून नेलं. त्यांनी ते सगळं न चुकता म्हटलं, मनाचे श्लोक म्हणावेत तसं. पिल्लू ऐकत बसलं. प्रमुख बाईनं बादली वाजवायला सांगितली, पण बादली म्हणजे जेवण, त्यामुळे ते आणखी खूश झालं. ज्या माणसाचा सगळ्यात जास्त राग आला असेल त्याला आठवा, असं मी सुचवलं. आईंनी बराच विचार केला. एका रिक्षावाल्याचा आला होता, म्हणाल्या, पण नंतर कळलं की त्याच्याही घरी अडचण होती.

डॉक्टरांनी परीक्षेसाठी पुढचा शनिवार ठरवला. त्यानंतर ते टाकी दुसऱ्या पिल्लासाठी मोकळी करणार होते.

आदल्या गुरुवारी पाऊस इतका होता की नवरा गाडीतून उतरून पहिल्यांदाच शेडमध्ये आला. नाकावर मफलर. आई फळीमागे होत्या, मी कुंपणाबाहेर. त्यानं दारातून सहज विचारलं, "आई, आटपलं का?"

मराठी ऐकून पिल्लू वळलं. आई आणि फळी दोन्ही सोडून ते त्याच्याकडे निघालं. कुंपणापाशी जाऊन त्यानं मान उंच केली. आणि माझा नवरा, ज्याला वास सहन होत नाही, ज्याला मी तिसऱ्यांदा सगळे नियम सांगितले होते, त्यानं मफलर खाली केला, वाकला, आणि "अरे वा, ये ये" म्हणत हात पुढे केला.

आईंच्या हातातली फळी पडली.

"हात मागे घे," त्या म्हणाल्या. हा आवाज मी पूर्वी ऐकला नव्हता. नवऱ्यानंही नसावा, कारण तो ताठ उभा राहिला. मग त्या पिल्लाकडे वळल्या. "आणि तू गं? कोण कुठला माणूस, ओळख ना पाळख, त्यानं ये म्हटलं की जायचं? त्याच्या हातात काय आहे ते बघितलंस? उद्या दुसरा कुणी दगड घेऊन उभा असेल, तरी अशीच जाशील? नीघ इथून. पाण्यात हो. परत कुणाच्या दारात दिसलीस तर माझ्याशी गाठ आहे."

शेवटच्या वाक्याला त्यांनी गमबूट असा आपटला की पत्रा घुमला. पिल्लू उलट्या उडीनं पाण्यात गेलं आणि टाकीच्या पार दुसऱ्या टोकाला जाऊन नाकापुरतं वर आलं. नवराही दोन पावलं मागे सरकून दाराबाहेर पावसात उभा होता.

प्रमुख बाईला शब्द कळले नव्हते. "स्वीट अ‍ॅज," ती हळूच म्हणाली. म्हणजे इथल्या बोलीत, झकास.

मी स्वयंपाकघरात गेले तर आई एक धुतलेली बादली पुन्हा धूत होत्या.

"लागलं असेल का गं तिला?"

"आवाज कुठे लागतो, आई."

"लागतो," त्या म्हणाल्या, आणि बादली उपडी घातली.

शुक्रवारी त्या स्वतःहून दोनदा ओट्यावर गेल्या आणि तेवढ्याच जोरात बोलल्या. प्रत्येक वेळी फळीमागे येऊन हात जोडायच्या, पिल्लाला दिसणार नाही असे. आवाज न करता जोडलेल्या हातांविरुद्ध केंद्राचा नियम नाही, मी तपासलं.

शनिवारी परीक्षा झाली. अनोळखी माणूस आत गेला, पिल्लू पाण्यात. मी मराठीत फोनवर बोलल्याचं नाटक केलं, पिल्लू पाण्यातच. शेवटची परीक्षा आईंची होती. त्यांनी हातात तारली धरून, जुन्या आवाजात, लाडानं बोलवायचं होतं. डॉक्टर हाताची घडी घालून उभे होते. आई कुंपणापाशी गेल्या.

"ये बाळा," त्या म्हणाल्या. "ये, तारली आणलीय."

पिल्लानं पाण्यातून डोकं वर काढलं. त्याच्या पिवळसर मिशा अजून पूर्ण पांढऱ्या झाल्या नव्हत्या. त्यानं आईंकडे बराच वेळ बघितलं, इतका की प्रमुख बाईनं माझा दंड धरला. मग ते फुसकन श्वास सोडून खाली गेलं आणि वर आलं ते टाकीच्या दुसऱ्या टोकाला.

डॉक्टरांनी मान डोलावून पास केलं. आईंचा हात तारलीसकट तसाच पुढे राहिला होता. मी तो खाली केला.

सोडायच्या दिवशी आई किनाऱ्यावर आल्या, पण बोलल्या नाहीत. तोंडावर शाल गच्च धरून वाळूच्या टेकाडामागे उभ्या राहिल्या. पिंजरा उघडला, पिल्लानं वास घेतला आणि ते पाण्याकडे गेलं. मागे बघितलं नाही. नवरा हळहळला, म्हणाला, एकदा तरी बघायला हवं होतं. आईंनी त्याला एकच दृष्टिक्षेप टाकला आणि तो गप्प झाला. हे नवीन सुरू झालंय, आणि माझ्या दृष्टीनं फारच सोयीचं आहे.

आई ऑक्टोबरात गावी परत गेल्या. प्रमुख बाईनं त्यानंतर मला एक काम दिलं. पुढच्या हिवाळ्यात एखादं पिल्लू असंच धीट झालं तर वापरता येईल म्हणून तिला आईंचं रागावणं ध्वनिमुद्रित करून हवंय. काम फार तर मिनिटाभराचं. दर रविवारी फोनवर मी आईंना आठवण करते. त्या म्हणतात, समोर कुणी नसताना मी कुणावर रागावू? आधी पिल्लू तर येऊ दे. मी त्यांना तोच गुरुवार आठवून बघायला सांगितलं, तेव्हा त्या फोनवर "नीघ इथून" इतक्या हळू म्हणाल्या की पुढे त्यांनाच बोलवेना. त्यांनी जेवणाचं विचारून फोन ठेवला. नवऱ्याला व्हिडिओ कॉलवर बसवून काही आगळीक करायला लावायची, असा एक विचार आहे. त्याची अजून तयारी नाही. जूनच्या कामांच्या यादीत बाकी सगळ्यांपुढे खूण झाली आहे: फ्रीझर साफ केला, पाइप बदलला, फळी कापून आईंच्या उंचीची केली. आवाज अजून घ्यायचा आहे.